डॉ. सुभाष मुखर्जी यांचें कार्य व दुर्गेच्या जन्माचा पुरावा

इतिहाससंशोधनास वाहिलेल्या त्रैमासिकांत वंध्यत्वचिकित्सेसारखा वैद्यकांतील विषय आलेला पाहून कांहीं वाचकांस नवल वाटेल. येथें नेहमीं सनदा, महजर, शिलालेख व पत्रव्यवहार यांची चर्चा चालते. तिच्या शेजारीं स्त्रीबीज व अंतःस्राव यांचें काय काम, असा प्रश्न मनांत येणें साहजिक आहे. परंतु विषय वैद्यकाचा असला तरी त्यांतील वाद इतिहासाचा आहे. अमुक गोष्ट प्रथम कोणीं केली, ती खरोखर घडली काय, तिला समकालीन पुरावा कोणता, तो कोणाच्या हातांतून आपल्यापर्यंत आला, आणि ज्यांनीं तो एकदां नाकारला त्यांनीं तो कोणत्या आधारावर नाकारला, हे प्रश्न आमच्या वाचकांच्या नित्य परिचयाचे आहेत. शिवाय या वादाचा शेवट लागण्यास मुंबईच्या एका संशोधकाचा प्रामाणिकपणा कारण झाला. म्हणून हा विषय येथें मांडणें अप्रस्तुत होणार नाहीं, असें आम्हांस वाटतें.

भारतांतील पहिली ‘टेस्ट-ट्यूब बेबी’ कोणती, या प्रश्नास छापील लेखांत दोन उत्तरें सांपडतात. एक उत्तर मुंबईचें. ता. ६ ऑगस्ट १९८६ रोजीं परळच्या के. ई. एम. रुग्णालयांत हर्षा नांवाची मुलगी जन्मास आली, डॉ. इंदिरा हिंदुजा व डॉ. टी. सी. आनंदकुमार हे त्या प्रयोगाचे धुरीण. दुसरें उत्तर कलकत्त्याचें. ता. ३ ऑक्टोबर १९७८ रोजीं, म्हणजे हर्षाच्या पूर्वीं जवळजवळ आठ वर्षें, तेथें दुर्गा या नांवानें पुढें प्रसिद्ध झालेली मुलगी जन्मली, व तिच्या जन्मास कारण झालेली क्रिया डॉ. सुभाष मुखर्जी यांनीं केली. यांपैकीं पहिलें उत्तर पुष्कळ वर्षें सर्वमान्य होतें. दुसरें उत्तर एका सरकारी समितीनें अमान्य केलें, व त्यानंतर तीन वर्षांच्या आंत मुखर्जी हें जग सोडून गेले. पुढें १९९७ सालीं हें दुसरें उत्तरच खरें असें ज्यांनीं छापून जाहीर केलें, ते मुंबईच्या प्रयोगाचे धुरीण स्वतः आनंदकुमारच होते. हा प्रकार कसा घडला आणि उपलब्ध प्रमाणांवरून आज कोणता निर्णय द्यावा, हें प्रस्तुत लेखांत पाहावयाचें आहे.

प्रथम चरित्राचा सांगाडा देतों. सुभाष मुखर्जी यांचा जन्म ता. १६ जानेवारी १९३१ रोजीं हजारीबाग येथें झाला. तें गांव आज झारखंड राज्यांत मोडतें. मुखर्जी हें मुखोपाध्याय या बंगाली कुलनामाचें इंग्रजी वळणाचें रूप होय. कांहीं लेखांत तें मूळ रूपांतही आढळतें, तेव्हां दोन नांवांवरून दोन व्यक्ति मानूं नयेत. कलकत्त्याच्या नॅशनल मेडिकल कॉलेजांतून १९५५ सालीं त्यांनीं वैद्यकाची पदवी घेतली. दवाखाना घालून बसण्याचा मार्ग मोकळा असतां त्यांनीं शरीरक्रियाशास्त्राच्या अभ्यासाचा मार्ग धरला, व १९५८ सालीं प्रजननाच्या शरीरक्रियेवर प्रबंध लिहून कलकत्ता विद्यापीठाची डॉक्टरेट मिळविली. त्यानंतर ते स्कॉटलंडांत एडिंबरो येथें गेले. तेथें जॉन लोरेन यांच्या मार्गदर्शनाखालीं त्यांनीं प्रजननसंबंधीं अंतःस्रावांचा अभ्यास केला व १९६७ सालीं दुसरी डॉक्टरेट संपादन केली.

एडिंबरोचा हा मुक्काम पुढील कथेच्या दृष्टीनें महत्त्वाचा आहे. ज्यांस डॉक्टर मंडळी हार्मोन म्हणतात ते अंतःस्राव रक्तांत व मूत्रांत अत्यल्प प्रमाणांत असतात. त्यांचें मापन करणें हें लोरेन यांचें विशेष क्षेत्र, व त्या विषयावरील त्यांचा ग्रंथ त्या काळीं प्रमाणभूत मानला जाई. स्त्रीच्या शरीरांत महिन्याच्या कोणत्या दिवशीं कोणता स्राव किती वाढतो व त्याचा बीजकोशावर काय परिणाम होतो, हें ज्याला मोजतां येतें त्यालाच त्या क्रमांत हात घालण्याचें धाडस करतां येतें. मुखर्जी यांस ही विद्या तेथें मिळाली. दहा वर्षांनंतर त्यांनीं जो प्रयोग केला त्याचें बीज या अभ्यासांत आहे.

१९६७ सालीं स्वदेशीं परत आल्यावर ते कलकत्त्याच्या नीलरतन सरकार वैद्यकीय महाविद्यालयांत शरीरक्रियाशास्त्र शिकवूं लागले. पुढें त्यांची नेमणूक बांकुडा येथील सम्मिलनी वैद्यकीय महाविद्यालयांत झाली. ते सरकारी नोकर होते. त्यांची बदली, त्यांची रजा, त्यांचा परदेशप्रवास या सर्व गोष्टी राज्यसरकारच्या आरोग्यखात्याच्या हातीं होत्या. ही बाब वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. कारण पुढील घटनांचा उलगडा तिच्यावांचून होत नाहीं.

या कार्यांत त्यांस दोन सहकारी मिळाले. एक सुनीत मुखर्जी. हे अतिशीत अवस्थेंत सजीव पेशी टिकविण्याच्या विद्येचे जाणकार. दुसरे स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. सरोजकांति भट्टाचार्य. शरीरक्रियेचा अभ्यासक, शीतविद्येचा जाणकार व शस्त्रक्रिया करणारा वैद्य असे हे त्रिकूट होतें. त्यांच्यापाशीं मोठी संस्था नव्हती, कीं विपुल द्रव्य नव्हतें.

आतां प्रयोगाचें स्वरूप पाहूं. स्त्रीच्या बीजकोशांत सामान्यतः महिन्याकाठीं एक बीज पक्व होतें व बीजवाहिनीच्या नळींत उतरतें. तेथें पुरुषबीजाशीं त्याचा संयोग झाल्यास तें फलित होऊन गर्भाशयांत रुजतें. ज्या स्त्रीच्या या नळ्या रोगानें बिघडल्या आहेत, तिला बाकी सर्व सुरळीत असूनही मूल होत नाहीं. अशा स्त्रीचें पक्व बीज शरीराबाहेर काढून, कांचेच्या पात्रांत त्याचें फलन करून, वाढूं लागलेला गर्भ परत गर्भाशयांत ठेवावयाचा, ही या चिकित्सेची मूळ कल्पना. लोकांनीं तिला ‘टेस्ट-ट्यूब बेबी’ असें नांव दिलें. वस्तुतः मूल नळींत वाढत नाहीं. पहिले कांहीं दिवस तेवढे तें मातेच्या शरीराबाहेर काढतें.

दुर्गेच्या मातेच्या बीजवाहिन्या बिघडलेल्या होत्या. मुखर्जी यांनीं तिच्यावर योजिलेली पद्धति चार पायऱ्यांची होती. पहिली पायरी औषधाची. ऋतुनिवृत्ति झालेल्या स्त्रियांच्या मूत्रांतून काढलेलें एक संप्रेरक द्रव्य टोंचून त्यांनीं बीजकोशास चेतना दिली, त्यामुळें एकाऐवजीं अनेक बीजें पक्व झालीं. दुसरी पायरी बीजें बाहेर काढण्याची. त्यासाठीं पोटावर छेद न घेतां योनिमार्गाच्या मागील भिंतींतून लहानसा छेद घेऊन बीजकोशापर्यंत पोहोंचण्यांत आलें. तिसरी पायरी फलनाची व गोठविण्याची. पात्रांत फलित होऊन आठ पेशींपर्यंत वाढलेले गर्भ त्यांनीं डायमेथिल सल्फॉक्साइड नांवाच्या द्रव्याच्या साह्यानें गोठविले. पेशींतील पाण्याचें बर्फ झालें म्हणजे त्याचे स्फटिक पेशीचा आंतून नाश करतात. हें द्रव्य त्या नाशास आळा घालतें. गर्भ ५३ दिवस या स्थितींत ठेवले. चौथी पायरी प्रत्यारोपणाची. औषधाचा परिणाम पुरता ओसरून स्त्रीचें ऋतुचक्र स्वाभाविक झाल्यावर गोठविलेला गर्भ वितळवून गर्भाशयांत ठेविला.

मध्यें ५३ दिवसांचा खंड कां पाडला, हा या पद्धतीचा मर्मभाग आहे. औषधानें बीजें पुष्कळ मिळतात खरीं, परंतु त्याच औषधानें अंतःस्रावांचा मेळ बिघडतो व गर्भाशयाचें अस्तर गर्भ धरण्यास योग्य राहत नाहीं. म्हणजे एका हातानें मिळवावें व दुसऱ्या हातानें गमवावें अशी स्थिति होते. मुखर्जी यांनीं बीज मिळविण्याचा महिना व गर्भ ठेवण्याचा महिना हे दोन वेगळे केले, आणि मधला काळ शीतविद्येच्या साह्यानें ओलांडला.

याच सुमारास इंग्लंडांत ओल्डहॅम येथें पॅट्रिक स्टेप्टो व रॉबर्ट एडवर्ड्‌स यांचे प्रयोग चालले होते. ता. २५ जुलै १९७८ रोजीं तेथें लुईझ ब्राउन ही मुलगी जन्मली. शरीराबाहेर फलन होऊन जन्मलेली जगांतील पहिली मानवी संतति ती हीच. त्यांच्या पद्धतीची मुखर्जी यांच्या पद्धतीशीं तुलना करणें अवश्य आहे. ओल्डहॅमच्या मंडळींनींही प्रथम औषधानें बीजें वाढविण्याचा मार्ग धरला होता, परंतु गर्भ रुजेना म्हणून त्यांनीं तो सोडला व महिन्याकाठीं स्वभावतः येणाऱ्या एकाच बीजावर भिस्त ठेवली. तें बीज त्यांनीं पोटावरील छिद्रांतून लॅपरोस्कोप नांवाची दुर्बीण घालून काढलें, व गर्भ न गोठवितां थोड्याच दिवसांत गर्भाशयांत ठेविला. म्हणजे अडचण दोघांसही एकच आली. ओल्डहॅमकरांनीं ती टाळून वाट बदलली. कलकत्तेकरांनीं ती तेथल्या तेथें सोडविली. या कारणामुळें एकानें दुसऱ्याचें अनुकरण केलें असें म्हणण्यास जागा राहत नाहीं.

कालगणनेवरूनही हेंच निष्पन्न होतें. दुर्गेचा जन्मदिवस ता. ३ ऑक्टोबर १९७८, म्हणजे शके १९०० आश्विन शुद्ध प्रतिपदा, घटस्थापनेचा दिवस. दुर्गा हें नांव त्या दिवसास शोभणारेंच आहे. लुईझच्या जन्मानंतर ६७ दिवसांनीं दुर्गा जन्मली असें विधान ठिकठिकाणीं छापलेलें आढळतें. एकानें लिहिलें, दुसऱ्यानें उतरलें, असें तें चालत आलें असावें. २५ जुलैपासून ३ ऑक्टोबरपर्यंत दिवस मोजले असतां ते ७० भरतात. चूक लहान आहे व तिनें निर्णयांत फरक पडत नाहीं. परंतु चालत आलेलें विधान पडताळून घ्यावें याचा हा एक मासला आहे. आतां दुसरें गणित पाहा. गर्भ पूर्ण मुदतीचा धरला, तर फलनापासून जन्मापर्यंत सुमारें ३८ आठवडे लागतात. ३ ऑक्टोबरपासून तितके मागें गेलें व गोठविलेले ५३ दिवस आणखी वजा केले, कीं फलनाचा काळ स्थूलमानानें नोव्हेंबर १९७७ च्या मध्याच्या सुमारास येतो. ओल्डहॅम येथें लुईझच्या मातेचें बीज काढलें तो दिवस १० नोव्हेंबर १९७७. दोन खंडांत, परस्परांच्या कार्याच्या तपशिलाची वार्ता नसतां, ही क्रिया जवळजवळ एकाच पंधरवड्यांत झाली असावी. हें आमचें अनुमान आहे, कागदावरचें विधान नव्हे. गर्भाची मुदत कमी धरल्यास तारीख कांहीं दिवस पुढें सरेल. तथापि जुलै १९७८ मध्यें इंग्लंडची बातमी ऐकून कलकत्त्यांत हा उद्योग आरंभिला नाहीं, एवढें तरी त्यावरून निर्विवाद ठरतें. ऑक्टोबरांत जन्मलेलें मूल जुलैपूर्वीं पुष्कळ आधीं गर्भांत असलें पाहिजे, हें सांगावयास वैद्य नको.

दुर्गेच्या जन्माची वार्ता वर्तमानपत्रांतून प्रसिद्ध होतांच मोठी खळबळ उडाली. ऑक्टोबर १९७८ मध्यें मुखर्जी यांनीं आपल्या कार्याचा वृत्तांत राज्याच्या आरोग्यसेवासंचालकांस सादर केला. भारतांतील शीतविद्येच्या नियतकालिकांत त्याच वर्षीं या त्रिकूटाच्या नांवानें गर्भ गोठविण्याविषयींचें एक संक्षिप्त निवेदनही छापून आलें. नोव्हेंबरांत पश्चिम बंगाल सरकारनें या प्रकरणीं चौकशीसमिति नेमली. तिचे अध्यक्ष रेडिओ-भौतिकीचे तज्ज्ञ होते. समितीनें मुखर्जी यांस प्रश्न विचारले, व त्यांचें म्हणणें विश्वसनीय नाहीं असा अभिप्राय दिला.

या समितीविषयीं आजपर्यंत पुष्कळ कठोर शब्द लिहिले गेले आहेत. आम्ही त्यांत भर घालूं इच्छीत नाहीं. परंतु तिच्या निर्णयाची चिकित्सा करणें प्राप्त आहे. त्या वेळीं या विद्येचा स्वतः अनुभव घेतलेला, मुखर्जी व त्यांचे दोन सहकारी सोडून, एकही मनुष्य भारतांत नव्हता. तेव्हां समितींत अधिकारी परीक्षक कोठून येणार, ही अडचण खरी होती. परंतु ज्यास परीक्षक मिळत नाहीं त्या गोष्टीविषयीं ‘निर्णय होत नाहीं’ असें म्हणावें लागतें. ‘खोटी आहे’ असें म्हणतां येत नाहीं. एखादी मोडी यादी आपल्यास लागली नाहीं, म्हणून ती बनावट ठरविण्याचा अधिकार आपल्यास मिळत नाहीं. समितीनें असिद्ध व असत्य या दोहोंतील अंतर पुसून टाकलें, व आमच्या मतें तिचा मुख्य दोष हाच होय.

दुसरा दोष असा, कीं सिद्धीचा मार्गही बंद झाला. शास्त्रांत एखादें विधान पटवावयाचें तर तें जाणत्यांच्या सभेंत मांडावें, त्यांच्या शंका घ्याव्या, व तपशीलवार छापावें हा प्रघात आहे. १९७९ च्या आरंभीं जपानांतील क्योटो विद्यापीठाकडून मुखर्जी यांस आपलें कार्य सांगण्यास निमंत्रण आलें. सरकारनें त्यांस जाण्याची परवानगी दिली नाहीं. जेथें परीक्षक होते तेथें जाऊं द्यावयाचें नाहीं, आणि जेथें परीक्षक नव्हते तेथील निर्णय अंतिम मानावयाचा, असा हा विचित्र न्याय झाला.

तिसरी अडचण कोणाच्याही दोषामुळें आलेली नव्हती. मुलीच्या आईबापांस प्रसिद्धि नको होती. वंध्यत्वाची वाच्यता हीच त्या काळीं लज्जेची गोष्ट मानीत. त्यांत मूल कांचेच्या पात्रांत फळलें असें कळल्यावर मुलीचें पुढें कसें होईल, ही चिंता त्यांस वाटली असल्यास त्यांत वावगें कांहीं नाहीं. परंतु यामुळें मुखर्जी पेंचांत सांपडले. मुलीस पुढें करावें तर रुग्णाचा विश्वास मोडतो. न करावें तर आपला शब्द खोटा पडतो. मुलीचें नांवगांव पुढें पंचवीस वर्षें झांकलेलें राहिलें, यावरून त्यांनीं कोणती बाजू सांभाळली हें उघड आहे.

शेवटचा भाग थोडक्यांत सांगतों. १९८० सालीं मुखर्जी यांस हृदयविकाराचा झटका आला. जून १९८१ मध्यें त्यांची बदली कलकत्त्याच्या नेत्रविज्ञानसंस्थेंत झाली. ज्यानें उभा जन्म प्रजननाच्या अंतःस्रावांचा अभ्यास केला त्यास नेत्रविद्युत्क्रिया शिकविण्याचें काम देण्यांत आलें. ता. १९ जून १९८१ रोजीं त्यांनीं स्वतःच्या हातानें आपलें जीवन संपविलें. वय अवघें ५० वर्षांचें होतें. मागें पत्नी नमिता राहिल्या. मृत्यूचें एकच एक कारण सांगण्याचा मोह लेखकांस होतो. आम्ही तो टाळतों, व घटनांचा क्रम तेवढा नमूद करतों.

त्यांच्या मृत्यूनंतर बंगाली कादंबरीकार रमापद चौधुरी यांनीं या कथेवरून ‘अभिमन्यु’ ही कादंबरी लिहिली, व तपन सिन्हा यांनीं तिच्या आधारें १९९० सालीं ‘एक डॉक्टर की मौत’ हा हिंदी चित्रपट काढला. महाराष्ट्रांतील बहुतेक वाचकांस मुखर्जी यांची ओळख या चित्रपटामुळेंच झाली. परंतु चित्रपटांतील डॉक्टर कुष्ठरोगाची लस शोधून काढतो. त्यांत दुर्गा नाहीं कीं गोठविलेला गर्भ नाहीं. म्हणून जो दर्जा आपण बखरींस देतों तोच या चित्रपटास द्यावा. त्यांत भावना खरी आहे. तपशिलाच्या पुराव्यास मात्र तो उपयोगी नाहीं.

आतां मुंबईकडे वळूं. परळ येथील प्रजननसंशोधनसंस्था ही भारतीय वैद्यकसंशोधन परिषदेची संस्था. आनंदकुमार तिचे संचालक होते. तेथून जवळच के. ई. एम. रुग्णालय, तेथें डॉ. हिंदुजा स्त्रीरोगचिकित्सा करीत. या दोन ठिकाणच्या मंडळींनीं मिळून केलेल्या प्रयत्नांतून १९८६ सालीं हर्षा जन्मली. या कार्याची नोंद पहिल्यापासून व्यवस्थित ठेविली गेली व शास्त्रीय नियतकालिकांत ती तपशिलानें प्रसिद्ध झाली. तेव्हां ‘शास्त्रीय नोंद असलेली भारतांतील पहिली टेस्ट-ट्यूब बेबी’ असें जें हर्षाचें वर्णन करतात तें शब्दशः खरें आहे व पुढेंही खरें राहील. हिंदुजा व आनंदकुमार यांनीं जें केलें तें दुसऱ्या कोणाची सामग्री घेऊन केलें नाहीं. त्यांचा मान अढळ आहे. दुर्गेचा जन्म मान्य केल्यानें तो उणा होतो अशी समजूत असल्यास ती चुकीची होय.

१९९७ सालीं आनंदकुमार एका परिषदेच्या निमित्तानें कलकत्त्यास गेले. तेथें मुखर्जी यांचीं जपून ठेवलेलीं हस्तलिखित टिपणें व कागदपत्रें त्यांच्या पाहण्यांत आलीं. त्यांनीं तीं बारकाईनें वाचलीं, मुलीच्या आईबापांशींही बोलणें केलें, व त्याच वर्षीं बंगळूरच्या ‘करंट सायन्स’ या नियतकालिकांत लेख लिहून भारतांतील पहिल्या टेस्ट-ट्यूब बेबीचे शिल्पकार सुभाष मुखर्जी होत असें स्पष्ट विधान केलें. आपल्या संशोधनक्षेत्रांत, स्वतःच्या नांवावर असलेला मान स्वतः कागद वाचून दुसऱ्याच्या नांवावर चढविल्याचीं उदाहरणें किती सांपडतात, याचा विचार प्रत्येकानें आपल्या मनाशीं करावा. येथें साक्षीदाराचा स्वार्थ त्याच्या साक्षीच्या उलट दिशेस होता. पुराव्याच्या शास्त्रांत अशा साक्षीस सर्वांत अधिक वजन देतात.

यापुढें २००३ सालीं, आपल्या पंचविसाव्या वाढदिवशीं, दुर्गा स्वतः लोकांसमोर आली व आपल्या जन्माची हकीकत तिनें सांगितली. २००५ सालीं भारतीय वैद्यकसंशोधन परिषदेनें या चिकित्सेच्या केंद्रांसाठीं जीं मार्गदर्शक तत्त्वें प्रसिद्ध केलीं, त्यांच्या प्रास्ताविकांत दुर्गेच्या जन्माचा व मुखर्जी आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा उल्लेख आला. अशा रीतीनें एका सरकारी समितीनें नाकारलेली गोष्ट सत्तावीस वर्षांनीं दुसऱ्या सरकारी संस्थेच्या ग्रंथांत दाखल झाली.

इतक्या विवेचनानंतर पुराव्याची प्रतवारी लावूं. समकालीन व अस्सल अशीं प्रमाणें तीन आहेत: मुखर्जी यांचीं हस्तलिखित टिपणें, १९७८ चें छापील निवेदन, आणि आरोग्यखात्यास सादर केलेला वृत्तांत. यांस प्रतिपक्षाचें एक प्रमाण जोडावें लागतें, व तें म्हणजे स्वतः चौकशीसमिति. ज्या समितीनें दावा फेटाळला तिच्या अस्तित्वामुळेंच, तो दावा १९७८ सालीं उघडपणें केला गेला होता व मागाहून रचलेला नाहीं, हें कायमचें सिद्ध झालें. उत्तरकालीन प्रमाणांत आईबापांची व दुर्गेची साक्ष येते. तीं दुय्यम, परंतु अविरोधी आहेत.

यांहून बलवत्तर असें एक अंतःप्रमाण आहे. मुखर्जी यांनीं जीं अंगें १९७८ सालीं सांगितलीं, तीं त्या वेळीं इतरत्र यशस्वी झालेलीं नव्हतीं. औषधानें बीजें वाढवून मूल जन्मास आणण्याचें यश अमेरिकेंत व्हर्जिनिया प्रांतांतील नॉरफोक येथें डिसेंबर १९८१ मध्यें आलें. गोठविलेल्या गर्भापासून मेलबर्न येथें १९८३ सालीं गर्भधारणा झाली, व १९८४ सालीं मूल जन्मलें. योनिमार्गानें बीजें काढण्याची रीति, ध्वनिलहरींच्या यंत्राची जोड मिळून, त्याच दशकांत सर्वत्र रूढ झाली. आणि गर्भ गोठवून पुढील ऋतुचक्रांत ठेवण्याची मुखर्जी यांची युक्ति तर आज जगभरच्या केंद्रांत नित्याची आहे. खोटा कागद रचणारा मनुष्य आपल्या काळीं लोकांस ठाऊक असलेल्या गोष्टी त्यांत घालतो. पुढें तीन, सहा, दहा वर्षांनीं खऱ्या ठरणाऱ्या गोष्टी एकामागून एक बिनचूक घालणें त्यास साधत नाहीं.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९७८ चें निवेदन फार त्रोटक आहे. तेवढ्यावरून दुसऱ्यास प्रयोग करतां येणार नाहीं. शिवाय मूल कोणाचें हें आज रक्ताच्या परीक्षेवरून ठरवितां येतें, परंतु फलन शरीराच्या आंत झालें कीं बाहेर, हें कोणत्याही परीक्षेनें मागाहून ठरत नाहीं. बिघडलेल्या नळ्या असतांही क्वचित् स्वाभाविक गर्भ राहतो, ही शंका तर्कदृष्ट्या कोणास काढतां येईल. म्हणून गणितासारखी निःशेष सिद्धि येथें नाहीं. परंतु इतिहासांत ती कोठें असते? सर्व स्वतंत्र प्रमाणें एकाच दिशेस बोट दाखवीत असतां व विरुद्ध बाजूस अविश्वासाखेरीज एकही प्रमाण नसतां, निर्णय देण्यास संशोधकानें कचरूं नये.

तेव्हां आमचे निष्कर्ष येणेंप्रमाणें: (१) भारतांतील पहिली, व जगांतील दुसरी, शरीराबाहेर फलन होऊन जन्मलेली संतति दुर्गा होय, व तो मान सुभाष मुखर्जी, सुनीत मुखर्जी व सरोजकांति भट्टाचार्य या तिघांचा आहे. (२) गोठविलेल्या गर्भापासून झालेला जगांतील पहिला जन्मही तोच मानावा लागतो. (३) सविस्तर शास्त्रीय नोंद होऊन सर्वमान्य झालेलें भारतांतील पहिलें यश मुंबईचें, १९८६ सालचें. (४) १९७८ च्या समितीनें दावा असिद्ध म्हणण्याऐवजीं असत्य मानला. हा निर्णय प्रमाणांस धरून नव्हता.

शेवटीं एक विनंति. २०२१ च्या कायद्यानें आतां या चिकित्सेच्या प्रत्येक केंद्रास आपल्या नोंदी किमान दहा वर्षें जतन करणें भाग पडलें आहे. परंतु कायद्यापूर्वींच्या पिढीचीं टिपणें कायद्याच्या कक्षेंत येत नाहींत. ज्या डॉक्टरांनीं व शास्त्रज्ञांनीं आपल्या प्रांतांत कांहीं नवें केलें, त्यांच्या प्रयोगवह्या, रुग्णांचीं नांवें वगळून केलेलीं टांचणें, खात्यांशीं झालेला पत्रव्यवहार हें सर्व आज घरोघरीं कपाटांत पडून आहे, आणि घर बदलतांना रद्दींत जाण्याच्या बेतांत आहे. मुखर्जी यांचे कागद कोणीतरी सोळा वर्षें जपले म्हणून १९९७ सालीं आनंदकुमार यांस ते वाचावयास मिळाले. ज्यांच्यापाशीं असे कागद असतील त्यांनीं ते जुन्या दप्तरांइतकेच मोलाचे समजून एखाद्या संस्थेच्या स्वाधीन करावे, अशी आमची त्यांस आग्रहाची प्रार्थना आहे.